अर्ध्या वाटेवरची भाषा

नोव्हेंबर 1921मध्ये हैदराबादच्या विवेकवर्धिनीत निजाम राज्यातल्या समाजसुधारकांची परिषद भरली होती. अध्यक्षस्थानी महर्षी धोंडो केशव कर्वे होते. भाषणं इंग्रजीत झाली, उर्दूत झाली, मराठीत झाली. मग आलंपल्ली वेंकट रामाराव नावाचे वकील उठले आणि तेलुगूत बोलू लागले. श्रोत्यांनी टाळ्या पिटल्या, आरडाओरडा केला, त्यांना बोलू दिलं नाही. ज्या राज्यातली जवळजवळ निम्मी माणसं तेलुगू बोलत, त्याच राज्याच्या राजधानीत तेलुगू ही व्यासपीठावर बोलायची भाषा आहे, हे सभेला मान्य नव्हतं. हुर्यो उडवणाऱ्यांत आपली मराठी मंडळी होती. तेलंगणाचा आधुनिक इतिहास सांगणारे बहुतेक जण या प्रसंगापाशी थांबतातच, कारण त्या अपमानातून आंध्र जनसंघ निघाला आणि पुढे 1930मध्ये आंध्र महासभा उभी राहिली. मराठीत मात्र विवेकवर्धिनीचं नाव निघतं ते परमुलखात मराठी शिक्षण जगवणारी 1907ची संस्था म्हणून. तेही खरंच आहे. ज्यांना उर्दूच्या दरबारात आपली भाषा टिकवायची होती, त्यांनीच शेजाऱ्याच्या भाषेला हसून खाली बसवलं.

त्याच वर्षी जीनिव्हात राष्ट्रसंघापुढे एक प्रस्ताव आला होता. जगातल्या शाळांतून एस्पेरांतो नावाची एक नवी भाषा शिकवावी, म्हणजे राष्ट्रांनी एकमेकांशी बोलताना कुणालाच खाली बसावं लागणार नाही, असा त्याचा आशय होता. हैदराबादच्या सभेतल्या कुणाला त्याची खबर असण्याचं कारण नव्हतं. पण ज्या दुखण्यावर जीनिव्हात औषध सुचवलं जात होतं, ते दुखणं त्या सभागृहात उघड दिसत होतं. एस्पेरांतोची ओळख मराठी वाचकाला करून देणाऱ्या या पुस्तकाची सुरुवात म्हणूनच युरोपातून न करता इथून केली आहे.

इथून म्हणजे त्याच जुन्या निजामी मुलखातल्या बासरहून. बासर मराठी माणसाला ठाऊक आहे ते गोदाकाठच्या ज्ञानसरस्वतीमुळे. नांदेड, धर्माबाद, उमरीकडून माणसं मनमाड-सिकंदराबाद मार्गावरच्या गाड्यांनी लेकरांना घेऊन येतात, अक्षराभ्यास करवतात आणि संध्याकाळच्या गाडीनं परततात. मंत्र संस्कृतात, सूचना तेलुगूत, आईबापांचं आपसातलं बोलणं मराठीत आणि बाहेर नारळवाल्याशी भाव ठरवणं दखनीत. कुणाला यात काही विशेष वाटत नाही. बासर हे 1956पर्यंत नांदेड जिल्ह्यातच होतं. राज्यपुनर्रचनेत मुधोळ तालुक्यातली मुधोळ, भैंसा आणि कुबेर ही सर्कलं आदिलाबादला जोडली गेली, धर्माबाद नांदेडकडेच राहिलं, आणि आदिलाबादचे किनवट आणि राजुरा हे तालुके तेव्हाच्या मुंबई राज्यात आले. 2016मध्ये आदिलाबाद जिल्ह्याचेही तुकडे झाले, तेव्हा बासर निर्मल जिल्ह्यात गेलं. गाव जागचं हललं नाही. कचेरीची भाषा तेवढी बदलत राहिली. आधी उर्दू, मग तेलुगू, आणि अर्ज जरा वरच्या टेबलावर गेला की इंग्रजी.

अशा मुलखात सगळ्यांना दोन-तीन भाषा येतात आणि म्हणून इथे भाषेचा तंटा नाही, असं बाहेरून आलेले लोक कौतुकानं लिहितात. मला ते अर्धवट वाटतं. भाषा येतात हे खरं, पण कोण कुणाची शिकतो ते पाहावं. दुकानदार गिऱ्हाइकाची शिकतो, मजूर मुकादमाची शिकतो, शेतकरी तलाठ्याची शिकतो. उलटं क्वचित घडतं. मुधोळ-भैंशातल्या मराठी घरांनी तेलुगू उचलली, कारण सातबारापासून रेशनपर्यंत सगळं तेलुगूत झालं. पलीकडे बिलोली-देगलूरच्या तेलुगू घरांनी मराठी उचलली, कारणं तीच. प्रेमानं शेजाऱ्याची भाषा शिकणारे आहेत, नाहीत असं नाही, पण ते मोजके. बाकीच्यांसाठी भाषा म्हणजे वरच्या माणसानं खालच्या माणसावर लावलेला एक कर आहे. तो रुपयांत भरायचा नसल्यामुळे हिशेबात येत नाही.

हा कर सगळ्यांवर सारखा बसवावा, हाच एस्पेरांतोचा मूळ विचार. बाकी सगळं, म्हणजे चळवळीची खूण असलेला हिरवा तारा, विश्वबंधुत्वाची गाणी, अधिवेशनं, हे त्यावर चढलेलं आहे.

लुडविक झामेनहोफ 15 डिसेंबर 1859 रोजी बियाविस्तोक या गावी जन्मला. गाव आज पोलंडमध्ये आहे, तेव्हा रशियन साम्राज्यात होतं. रस्त्यावर यिडिश, पोलिश, रशियन आणि जर्मन चालत. ज्यू कुटुंबातला हा मुलगा. बाप भाषाशिक्षक, सरकारी सेन्सॉरचं कामही करणारा. पुढे 1895च्या सुमारास बोरोवको नावाच्या मित्राला लिहिलेल्या पत्रात झामेनहोफनं सांगितलं की, माणसं सगळी भाऊ आहेत असं घरात शिकवलं जाई, आणि रस्त्यावर पाऊल टाकलं की माणूस कुठेच नसे; रशियन असत, पोल असत, जर्मन असत, ज्यू असत. पोरवयात त्याला वाटलं की हे सगळं वैर भाषेमुळे आहे. मोठा झाल्यावर आपण हे मिटवू, असं त्यानं ठरवून टाकलं. मुलं असं काहीबाही ठरवतात. या मुलानं मात्र ते सोडलं नाही.

शाळा संपायच्या आत, 1878मध्ये, त्याच्या भाषेचा पहिला आराखडा तयार होता. वर्गमित्रांनी वाढदिवसाला त्या भाषेत गाणंही म्हटलं. मग तो वैद्यकी शिकायला मॉस्कोला गेला, नंतर वॉर्साला आला, डोळ्यांचा डॉक्टर झाला. मधल्या वर्षांत वहीतली भाषा त्यानं पुन्हापुन्हा मोडून बांधली. याच काळात त्यानं यिडिशचं एक व्याकरणही लिहिलं होतं. हे मुद्दाम सांगतो, कारण जागतिक भाषेचं वेड घेतलेल्या माणसाला स्वतःच्या बोलीची लाज वाटत असणार, असा समज सहज होतो. झामेनहोफच्या बाबतीत तसं नव्हतं. ज्यू समाजाकडे चार लोकांत तुच्छतेनं पाहिलं जाई, तशी त्याच्या बोलीलाही भाषा मानलं जात नसे, आणि तो तिचे नियम लिहायला बसला होता.

26 जुलै 1887 रोजी वॉर्सात एक चोपडी निघाली. रशियन भाषेत लिहिलेली, चाळीस पानांची. छपाईचा खर्च सासऱ्यानं दिलेल्या पैशांतून भागला. लेखकाचं नाव होतं डॉक्टर एस्पेरांतो, म्हणजे आशा धरून असलेला. आत सोळा नियमांचं व्याकरण होतं, नऊशेच्या आसपास धातू होते, काही नमुने होते आणि एक प्रतिज्ञापत्रक होतं: एक कोटी लोक ही भाषा शिकायचं वचन देत असतील तर मीही शिकेन. एक कोटी सह्या आल्या नाहीत, हजाराच्या आसपास आल्या. पण मला त्या चोपडीतली सगळ्यांत मोठी गोष्ट वेगळीच वाटते. भाषेवरचा आपला हक्क त्यानं पहिल्याच दिवशी सोडून दिला. ही आता सगळ्यांची मालमत्ता आहे, असं जाहीर केलं.

हे त्याला का सुचलं असावं, ते त्याच्या आधीच्या भाषेकडे पाहिलं की कळतं. योहान मार्टिन श्लायर या जर्मन धर्मगुरूनं 1880च्या सुमारास व्होलाप्यूक नावाची कृत्रिम भाषा काढली होती. पाच-सात वर्षांत युरोपभर तिचे वर्ग निघाले, मासिकं निघाली. 1889च्या पॅरिस अधिवेशनापर्यंत मंडळी सुधारणांवरून भांडू लागली होती, आणि श्लायरचं म्हणणं असं की भाषा माझी, अखेरचा शब्द माझा. थोड्याच वर्षांत व्होलाप्यूक मोडीत निघाली. एस्पेरांतो टिकली, याचं एक कारण तिला मालक नव्हता हे आहे.

भाषा कशी चालते ते आतल्या प्रकरणांत सविस्तर आहे. इथे फक्त चव. नाम ‘ओ’नं संपतं, विशेषण ‘आ’नं, क्रियाविशेषण ‘ए’नं. लिब्रो म्हणजे पुस्तक, लिब्रोय म्हणजे पुस्तकं. निर्जीव वस्तूला लिंग नाही, त्यामुळे टेबल तो की ते हा घोळ नाही. क्रियापदाला एकही अपवाद नाही: मी लेर्नास म्हणजे मी शिकतो, मी लेर्निस म्हणजे शिकलो, मी लेर्नोस म्हणजे शिकेन. हो, तिथेही ‘मी’ म्हणजे मीच. बाकी गंमत प्रत्ययांची. साना म्हणजे निरोगी. पुढे ‘माल’ लावला की उलट अर्थ, मालसाना, म्हणजे आजारी. मालसानुलो म्हणजे आजारी माणूस. मालसानुलेयो म्हणजे अशा माणसांची जागा, दवाखाना. एक धातू पाठ केला की दहा शब्द फुकट. तेलुगू ज्याच्या कानावर आहे, त्याला प्रत्ययाला प्रत्यय जोडत जाणारी ही रीत ओळखीची वाटेल. शब्दसंग्रह मात्र बहुतांशी युरोपचा आहे, लॅटिन घराण्यातला सर्वाधिक, मग जर्मन घराण्यातला. म्हणजे सगळ्यांना सारखं चालायला लावणारी ही वाट इटालियन माणसाच्या दारावरून जाते आणि तमिळ किंवा चिनी माणसाला तिच्यापर्यंत पोचायलाच कोसभर चालावं लागतं. हा आक्षेप जुना आहे आणि रास्त आहे. एस्पेरांतोवाले त्यावर उत्तर देतात की व्याकरणातली नियमितता सगळ्यांनाच सारखी उपयोगी पडते, आणि चीन-जपानमध्ये ही भाषा शंभर वर्षं रुजली ती उगाच नाही. उत्तर बरं आहे, पण पुरेसं नाही. इंग्रजीशी तुलना केली तर अंतर तरीही पुष्कळ कमी होतं, एवढं म्हणता येईल.

1905 साली फ्रान्समध्ये बुलोन या बंदरात पहिलं जागतिक अधिवेशन भरलं. 688 माणसं आली. तोपर्यंत ही भाषा मुख्यतः पत्रांतून जगत होती. वेगवेगळ्या देशांतल्या एवढ्या माणसांनी एका जागी जमून ती बोलून पाहण्याचा हा पहिलाच मोठा प्रसंग, आणि ती कळली. तिथेच भाषेचा मूळ पाया, म्हणजे फुंडामेंतो, कायम करण्यात आला आणि एक जाहीरनामा मंजूर झाला. त्यात लिहिलं होतं की एस्पेरांतो ही कुणाच्याही मातृभाषेची जागा घेणार नाही, ती दुसरी भाषा राहील. आणि तिच्यावर कुठलाही आदर्श, कुठलाही पंथ लादलेला नाही. दुसरं वाक्य फ्रेंच मंडळींच्या आग्रहामुळे आलं. त्यांना व्यापाराला, विज्ञानाला सोयीची भाषा हवी होती; वॉर्साच्या ज्यू डॉक्टरचं बंधुत्वाचं प्रकरण नको होतं. झामेनहोफ ज्यू आहे ही गोष्टही जरा झाकून ठेवलेली बरी, असं त्यांतल्या काहींना वाटे.

पुढच्या वर्षी, जून 1906मध्ये, बियाविस्तोकमध्ये ज्यूंची कत्तल झाली. झामेनहोफच्या बालपणीचे रस्ते तेच. त्या ऑगस्टमध्ये जीनिव्हाच्या अधिवेशनात त्यानं ती हकीगत सांगितली आणि म्हणाला की केवळ सोयीसाठी असेल तर या भाषेत मला रस नाही. ‘आतली कल्पना’ हा शब्दप्रयोग चळवळीत तेव्हापासून रुजला. त्यानं होमारानिस्मो नावाचा मानवतेचा एक विचारही मांडला: माणसानं आपला धर्म, आपली भाषा घरात सांभाळावी, आणि वेगळ्या माणसाला भेटताना दोघांच्याही मालकीच्या नसलेल्या जमिनीवर उभं राहावं. त्याच्याच अनुयायांपैकी बहुतेकांनी याकडे काणाडोळा केला. भाषा घेतली, माणूस अर्धा घेतला.

1907मध्ये सुधारणावाद्यांची फूट पडली आणि इदो नावाची वेगळी भाषा निघाली. रोमन अक्षरांवरच्या टोपीसारख्या खुणा आणि कर्माचा ‘न’ प्रत्यय हे त्या भांडणाचे मुद्दे होते. विश्वशांतीचं ध्येय घेतलेली माणसं एका प्रत्ययावरून वर्षानुवर्षं एकमेकांशी बोलत नव्हती, यावर हसू येतं खरं; पण शुद्धलेखनावरून आपल्याकडे झालेले वाद आठवले की हसू आवरतं.

1914चं अधिवेशन पॅरिसला ऑगस्टच्या पहिल्या आठवड्यात ठरलं होतं. 3,700हून जास्त लोकांनी नावं नोंदवली होती. झामेनहोफ निघालाही होता, वाटेत युद्ध आडवं आलं. स्वित्झर्लंडमधल्या जागतिक एस्पेरांतो संघाच्या कचेरीनं युद्धकाळात शत्रुदेशांत अडकलेल्यांची पत्रं पोचवली, हरवलेल्यांचा शोध घेतला. या भाषेचा इतका थेट उपयोग त्याआधी झाला नव्हता, आणि तो झाला ते तिचं स्वप्न मोडत असताना. झामेनहोफ 14 एप्रिल 1917 रोजी वॉर्सात वारला.

जीनिव्हाच्या प्रस्तावाचं काय झालं ते सांगायचं राहिलं. राष्ट्रसंघाचे उपमहासचिव इनाझो नितोबे हे जपानी गृहस्थ स्वतः 1921च्या प्राग अधिवेशनाला जाऊन आले आणि त्यांनी अनुकूल अहवाल दिला. 1922मध्ये सचिवालयाचा अहवालही बराचसा अनुकूल होता. फ्रान्सनं जोरदार विरोध केला. राजनीतीची भाषा फ्रेंच असताना दुसरी कशाला, असा सरळ सवाल होता. त्याच वर्षी फ्रेंच शिक्षणमंत्र्यानं शाळांच्या इमारतीत एस्पेरांतो शिकवायला मनाई केली. प्रकरण एका समितीकडून दुसऱ्या समितीकडे गेलं आणि थंडावलं. शंभर वर्षांनी आज फ्रेंचचं जे झालं आहे ते पाहता तेव्हाच्या फ्रेंच मुत्सद्द्यांचा निर्णय त्यांच्याच भाषेच्या हिताचा होता का, हे फ्रेंचांनी ठरवावं. ज्याच्या हाती सत्तेची भाषा असते तो समान वाट मान्य करत नाही, एवढं मात्र त्यातून दिसलं.

यानंतरचा भाग काळा आहे. हिटलरनं ‘माइन काम्फ’मध्येच एस्पेरांतोला ज्यूंच्या कटाचं साधन म्हटलं होतं, सत्तेवर आल्यावर संघटना मोडल्या. सोव्हिएत रशियात 1937-38मध्ये परदेशी पत्रव्यवहार हाच गुन्हा ठरला आणि पुष्कळ एस्पेरांतोवाले गोळीला किंवा छावणीला गेले. झामेनहोफचा मुलगा आदाम 1940मध्ये गोळ्या घालून मारला गेला. सोफिया आणि लिडिया या मुली 1942मध्ये त्रेब्लिंकाच्या छावणीत संपल्या. लिडिया युरोप-अमेरिकेत फिरून एस्पेरांतो शिकवत असे. दोन एकमेकांच्या वैरी सत्तांना जी भाषा एकसारखी धोकादायक वाटली, तिला निरुपद्रवी छंद म्हणणाऱ्यांनी हा भाग सावकाश वाचावा.

1954मध्ये माँतेव्हिदेओत युनेस्कोनं एस्पेरांतोच्या कार्याची दखल घेणारा ठराव केला. तो सन्मान होता, त्यातून कुठल्याही शाळेत एक तासही वाढला नाही. बोलणाऱ्यांची नेमकी मोजदाद कुणाला जमलेली नाही. अंदाज काही दहा हजारांपासून वीस लाखांपर्यंत जातात. काही घरांत ती मुलांची जन्मभाषाही झाली आहे. 2024चं अधिवेशन टांझानियात अरुशा इथे झालं, आफ्रिकेतलं पहिलं.

आता आपल्याकडे. भारतात ही भाषा कधी चळवळ झाली नाही, माणसांपुरती राहिली. शांतिनिकेतनचे लक्ष्मीश्वर सिन्हा 1928मध्ये हस्तकला शिकायला स्वीडनला गेले, तिथे एस्पेरांतो शिकले आणि तिच्यातून स्वीडनभर भारतावर व्याख्यानं देत फिरले. प्रबाल दासगुप्त यांनी पुण्याच्या डेक्कन कॉलेजात आणि नंतर हैदराबाद विद्यापीठात भाषाविज्ञान शिकवलं. 2007 ते 2013 ते जागतिक एस्पेरांतो संघाचे अध्यक्ष होते. म्हणजे बासरच्या दोन बाजूंच्या दोन शहरांत या भाषेचा एक मोठा जाणकार आयुष्याचा मोठा काळ राहिला, आणि आपल्या वर्तमानपत्रांना त्याचं विशेष सोयरसुतक नव्हतं.

पण मराठी वाचकाला सगळ्यांत जवळचा धागा विनोबांचा आहे. 1951च्या मार्चमध्ये ते पवनारहून शिवरामपल्लीच्या सर्वोदय संमेलनासाठी पायी निघाले ते विदर्भातून याच आदिलाबादच्या वाटेनं हैदराबादकडे उतरले. 18 एप्रिलला पोचमपल्लीत भूदानाची पहिली जमीन मिळाली. तेलंगणात तेव्हा जमिनीवरून रक्त सांडत होतं, आणि तिथे शिरणारा हा कोकणात जन्मलेला मराठी माणूस तेलुगू आधीच शिकून आला होता. वेल्लोरच्या तुरुंगात त्यांनी दक्षिणेच्या चारही भाषा अभ्यासल्या होत्या. 1921च्या त्या सभेपुढे हे चित्र ठेवून पाहावं. पुढे 1960च्या सुमारास टिबोर सेकेल हा युगोस्लाव प्रवासी भारतात असताना विनोबांनी पदयात्रेतच त्याच्याकडून एस्पेरांतोचे धडे घेतले. पासष्टीच्या माणसाला नवी भाषा कशाला, असं त्यांना वाटलं नाही. ‘जय जगत’ हा त्यांचा घोष तेव्हा गावोगाव पोचला होता. जगाचा जयजयकार करायचा तर जगाशी बोलायचीही काही सोय हवी, हे त्यांच्या गणिती डोक्याला उघड होतं. भारतापुरतं मात्र त्यांनी एस्पेरांतोचा आग्रह धरला नाही. सगळ्या भारतीय भाषांनी आपापल्या लिपीबरोबर नागरीही वापरावी, असं ते सांगत राहिले. नागरीच नव्हे, नागरीही, हा त्यांचा काटा नेहमी नेमका असे.

विनोबांची गीता-प्रवचनं 1932मध्ये धुळ्याच्या तुरुंगात ज्यांनी उतरवून घेतली, त्या साने गुरुजींनी याच प्रश्नाला दुसरं उत्तर दिलं. त्यांच्या आंतरभारतीच्या कल्पनेत सगळ्यांची मिळून तिसरी भाषा नव्हती. प्रत्येक प्रांतातल्या तरुणांनी दुसऱ्या प्रांताची भाषा, साहित्य, रीतभात शिकावी, असं त्यांचं स्वप्न होतं. 1950मध्ये गुरुजी गेले. कल्पना शिबिरांतून आणि नियतकालिकांतून जगली, सरकारी शाळेच्या वेळापत्रकात ती कधी आली नाही. एकाच तुरुंगात बसलेल्या या दोन माणसांपैकी एकानं एस्पेरांतोशी मैत्री केली आणि दुसऱ्यानं तिच्याशिवायची वाट दाखवली. मला स्वतःला गुरुजींची वाट भारतासाठी जास्त खरी वाटते. नांदेडच्या मुलानं तेलुगू शिकणं आणि निर्मलच्या मुलीनं मराठी शिकणं यात कर दोघांवर आहे, आणि बदल्यात दोघांच्या हाती एकेक साहित्य येतं. पण ही वाट शेजाऱ्यांपुरती आहे. बासरहून बियाविस्तोकला पत्र लिहायचं झालं तर ती पुरत नाही; तिथे झामेनहोफच लागतो.

त्याची एक मोठी चूकही इथूनच स्पष्ट दिसते. भाषा एक झाली की भांडण मिटेल, हा त्याचा पोरवयातला विश्वास पुढे सौम्य झाला, पण पूर्ण गेला नाही. 2 जून 2014 रोजी तेलंगण आंध्रपासून वेगळा झाला. दोन्हीकडे तेलुगूच. पाणी, नोकऱ्या, जमिनी आणि तुमची तेलुगू अशुद्ध म्हणून वर्षानुवर्षं ऐकून घेतलेली चेष्टा, यांतून ते राज्य निघालं. 1921मध्ये तेलुगूला हसणारे मराठी होते, नंतर तेलंगणाच्या तेलुगूला हसणारे तेलुगूच निघाले. वैर भाषेतून येत नाही. ते भाषेचं हत्यार करतं. तेव्हा एस्पेरांतोकडून शांततेची अपेक्षा करू नये. न्यायाची करावी, आणि ती ही भाषा बऱ्यापैकी पुरी करते.

न्यायाचा प्रश्न आज जास्त टोचतो. बासरलाच 2008पासून ग्रामीण मुलांसाठी काढलेलं तंत्रज्ञान विद्यापीठ आहे. खेड्यातल्या शाळांतली हुशार मुलं दहावीनंतर इथे येतात, सहा वर्षं राहतात. पहिल्या दिवसापासून सगळं इंग्रजीत. ज्याचं दहावीपर्यंत सारं तेलुगूत झालं, त्या मुलाची बुद्धी सुरुवातीचे महिने भाषेवर खर्ची पडते. इंग्रजी शाळेतून आलेल्याची गणितावर. हीच गोष्ट पलीकडे नांदेडच्या मराठी मुलाची. इंग्रजी शिकू नये असं इथे कुणी म्हणत नाही, मीही म्हणत नाही. पण ती जगाची भाषा आहे म्हणताना तिचा खर्च कोण भरतो हे विचारायची सवयच आपल्याला राहिली नाही. एस्पेरांतोचा इतिहास वाचण्याचं आजचं कारण माझ्या मते एवढंच आहे: ती सवय परत लागावी.

पुस्तकाच्या मांडणीबद्दल थोडं. चळवळीचा इतिहास पहिल्या भागात आहे आणि तो वर सांगितला त्याहून बराच कमी गौरवाचा आहे. भांडणं, पैशांच्या अडचणी, पोकळ ठराव हे सगळं ठेवलं आहे. दुसऱ्या भागात व्याकरण आहे, उदाहरणं मराठी माणसाला अडखळवणाऱ्या जागा धरून दिली आहेत. कर्माच्या ‘न’वर जास्त पानं खर्च केली आहेत, कारण आपण तो हमखास विसरतो. एस्पेरांतोचे उच्चार नागरीत जवळजवळ जसेच्या तसे लिहिता येतात, म्हणून पहिले धडे नागरीत आणि पुढचे तिच्या स्वतःच्या रोमन लिपीत आहेत. व्याकरण आधी वाचावं, असा माझा सल्ला आहे. सोळा नियम आणि शंभरेक शब्द दोन आठवड्यांत होतात, मग इतिहासातली माणसं कशासाठी भांडत होती ते नीट कळतं. आणि सीमाभागातल्या वाचकाला एक जास्तीची विनंती: समोर राहणाऱ्याची भाषा अजून येत नसेल, तर हे पुस्तक थोडं बाजूला ठेवा आणि आधी तिची बाराखडी गिरवा. एस्पेरांतो थांबेल, तिला थांबायची सवय आहे.